बांधावर कोण जातं

मी आठ-नऊ वर्षांची असेन. आषाढातली अमावास्या, उधाणाची भरती आणि वरून पावसाची झड. रात्री कधीतरी ओटीवर गलका झाला. "पानी आयलं! पानी आयलं!" खालच्या आळीतल्या बाया ओरडत होत्या. आजा कंदील घेऊन निघाला, बाबा फावडं घेऊन त्याच्या मागे. उजाडल्यावर पाहिलं तर कालपरवा लावणी झालेल्या खाचरांत खाडी येऊन बसली होती. भाताचे शेंडेही दिसत नव्हते. आमच्या खळ्याच्या कडेला निवट्या, म्हणजे चिखलातले मासे, उड्या मारत होत्या.

अलिबाग तालुक्यातलं आमचं खारेपाट म्हणजे खाडीकडून मागून घेतलेली जमीन. मातीच्या बांधाआड शेती आणि बांधापलीकडे भरतीचं पाणी, तेही शेतापेक्षा उंच. या बांधाला उघाड्या असतात. ओहोटीला त्यांतून पावसाचं पाणी बाहेर जातं आणि भरतीला दार आपोआप मिटतं. बांधाला भगदाड पडलं की त्याला आम्ही खांड म्हणतो. खांड पडली की ते वर्ष तर जातंच, शिवाय मिठाची जमीन पावसाने धुऊन पुन्हा भात धरायला आणखी दोन-तीन वर्षं लागतात.

त्या आठवड्यात आमच्या ओटीवर एकच विषय होता, खांड का पडली? आजा म्हणाला, चिंबोऱ्यांनी, म्हणजे खेकड्यांनी, बांध पोखरला होता, बिळं बुजवली नाहीत. शेजारचे काका म्हणाले, उघाडीचं दार सडलेलं होतं, पाणी तिथूनच खायला लागलं. कुणी म्हणालं, असं उधाण वीस वर्षांत आलं नव्हतं. आजीच्या मते बांधावरच्या देवाचा नारळ त्या वर्षी चुकला होता. बाबा बराच वेळ गप्प होते. शेवटी म्हणाले, "माणसं मुंबईला गेली. बांधावर जातं कोण आता?"

आज मी इतिहास शिकवते. प्राचीन साम्राज्यांच्या ऱ्हासाचा धडा आला की दरवर्षी मला ती ओटी आठवते, कारण इतिहासकारांचं बोलणं ऐकताना मला सतत त्याच माणसांचे आवाज ऐकू येतात.

1984 साली आलेक्झांडर डेमांट या जर्मन इतिहासकाराने रोमच्या पडझडीची आजवर सांगितली गेलेली कारणं एकत्र केली. ती भरली 210. त्यांत रानटी टोळ्या आहेत, ख्रिस्ती धर्म आहे, करांचा बोजा आहे, शिशाचं विष आहे आणि सार्वजनिक स्नानगृहंसुद्धा आहेत. प्रत्येक पिढीने आपल्या काळजीचं नाव रोमच्या मृत्यूच्या दाखल्यावर लिहिलेलं दिसतं. पण म्हणून ही यादी हसून बाजूला टाकावी असं मला वाटत नाही. आमच्या ओटीवरही कुणी खोटं बोलत नव्हतं. चिंबोऱ्यांची बिळं खरी होती, दार खरंच सडलेलं होतं, आणि उधाण तर सगळ्यांनी डोळ्यांनी पाहिलं होतं.

या प्रश्नाचा थोरला इतिहासकार एडवर्ड गिबन. त्याच्याच सांगण्याप्रमाणे 15 ऑक्टोबर 1764 रोजी तो रोममध्ये कॅपिटॉलच्या भग्नावशेषांत बसला होता, अनवाणी साधू ज्युपिटरच्या देवळाच्या जागी सांजप्रार्थना म्हणत होते, आणि या शहराच्या ऱ्हासाचा इतिहास लिहावा हा विचार तिथे पहिल्यांदा त्याच्या मनात आला. पहिला खंड 1776 साली आला, शेवटचे 1788 साली. त्याने ख्रिस्ती धर्माला दोष दिला, सैन्याच्या बिघडलेल्या शिस्तीला दिला, नागरी वृत्तीच्या लोपाला दिला. पण इतकं सगळं लिहून झाल्यावर तो एके ठिकाणी म्हणतो की हे साम्राज्य का कोसळलं हे विचारण्यापेक्षा ते इतका काळ टिकलं कसं, याचंच नवल करायला हवं. हे वाचलं त्या दिवशी मी पुस्तक मिटून ठेवलं होतं. खारेपाटातल्या माणसाला हे कुणी समजावून सांगावं लागत नाही. बांध मुळात मातीचा, तो ढासळायचाच. दर भरतीला तो थोडा थोडा विरघळतो. तो उभा असतो तो कुणीतरी रोज त्यावर जातं म्हणून.

आमच्याकडे या जाण्याला एक व्यवस्था होती. तिचं नाव जोळ. बांधामागे ज्यांची जमीन, त्यांनी मिळून बांध राखायचा. दर घराच्या वाट्याला बांधाचा ठरावीक तुकडा. पावसाळ्याआधी त्यावर नवी माती चढवायची, बिळं ठेचायची, उघाडीचं दार तपासायचं. खांड पडली की घरटी माणूस हजर. खांड बांधायची ती भांगाच्या दिवसांत, म्हणजे भरतीला जोर नसतो तेव्हा, तीही ओहोटी लागल्यापासून पुन्हा भरती यायच्या आत. दोन्ही बाजूंनी माणसांची रांग लावून चिखलाच्या ढेपा हातोहात पुढे सरकवायच्या, मधे पेंढा आणि झाडाच्या फांद्या दाबायच्या. शेवटचे दोन-तीन हात उरले की पाण्याची ओढ इतकी वाढते की एकेक ढेप टाकताच वाहून जाते. तेव्हा पुरुष स्वतःच त्या फटीत खांद्याला खांदा लावून उभे राहायचे आणि त्यांच्या पाठीमागे माती पडायची. हे मी एकदाच पाहिलं आहे. आजा छातीभर पाण्यात होता, त्याचे ओठ निळे पडले होते, आणि तो मागच्यांवर ओरडत होता, "टाका, टाका, थांबू नका."

1377 साली इब्न खल्दून या अरब इतिहासकाराने आजच्या अल्जीरियातल्या एका किल्ल्यात बसून आपल्या इतिहासग्रंथाची प्रस्तावना लिहिली. तिच्यात राजवटींच्या उदयास्ताचं कारण म्हणून तो एक शब्द वापरतो, असबिय्या. या शब्दासाठी समूहभावना, एकजूट, भाऊपणा असे प्रतिशब्द देतात. वाळवंटातल्या कठीण जगण्यात ही असबिय्या घट्ट असते, तिच्या बळावर टोळी राज्य मिळवते, मग शहरातल्या सुखात ती सैल होते आणि तीन-चार पिढ्यांत राज्य दुसऱ्या टोळीकडे जातं. वर्गात मी हा शब्द फळ्यावर लिहिते आणि त्याच्यापुढे लिहिते, जोळ. आमच्या भागातली मुलं लगेच मान डोलावतात. शहरातून आलेल्यांना मात्र मला वरची सगळी गोष्ट सांगावी लागते.

रोमकडे परत येते, कारण तिथला एक प्रसंग मला फार दिवस छळतो आहे. आज जर्मनीत पासाऊ म्हणून गाव आहे, तिथे डॅन्यूब आणि इन या नद्या मिळतात. रोमन काळात तिथे बटाविस नावाचं ठाणं होतं, साम्राज्याच्या सीमेचा बांधच म्हणा ना. पाचव्या शतकाच्या उत्तरार्धात तिथे सेव्हेरिनस नावाचा संत लोकांमध्ये राहत होता. त्याच्या शिष्याने, युजिपियसने, पुढे त्याचं चरित्र लिहिलं. तो सांगतो, रोमची सत्ता होती तोवर सीमेवरच्या अनेक गावांतले सैनिक सरकारी खर्चाने पोसले जात. तो रिवाज बंद पडला तसे पलटणीच्या पलटणी विरघळून गेल्या. बटाविसची तुकडी मात्र टिकून होती. तिच्यातले काही जण सोबत्यांचा शेवटचा पगार आणायला इटलीकडे निघाले. वाटेत टोळीवाल्यांनी त्यांना मारलं. कुणाला पत्ता नाही. एक दिवस सेव्हेरिनस आपल्या कोठडीत वाचत असताना एकदम पुस्तक मिटून रडू लागला आणि म्हणाला, नदीवर जा, नदी माणसांच्या रक्ताने लाल झाली आहे. तेवढ्यात निरोप आला की त्या सैनिकांची प्रेतं प्रवाहाने काठाला लागली आहेत.

शाळेच्या पुस्तकात रोमचा शेवट 476 साली होतो. ओडोएकरने रोम्युलस ऑगस्ट्युलस नावाच्या पोराला गादीवरून उतरवलं, झालं. पण मला विचाराल तर रोम त्या नदीकाठी संपलं. सीमेवरच्या तुकडीने आपल्या सोबत्यांना पगाराला पाठवलं, म्हणजे ठाणं राखायचं आहे हे त्यांनी अजून धरलेलं होतं. पगार देणारं मात्र कुणी उरलं नव्हतं. तसं कुणी का उरलं नाही, याचं उत्तर शोधत गेलं की आपण 439 सालापर्यंत पोचतो. त्या वर्षी व्हँडल टोळ्यांनी उत्तर आफ्रिकेतलं कार्थेज घेतलं आणि पश्चिम साम्राज्याचा सर्वांत सुपीक, सर्वांत जास्त महसूल देणारा प्रांत हातचा गेला. महसूल गेला म्हणून सैन्य कमी, सैन्य कमी म्हणून आणखी प्रांत गेले, प्रांत गेले म्हणून महसूल आणखी घटला. खांड अशीच रुंदावते. पहिल्या दिवशी चार हात असते, पंधरा दिवसांनी तिच्यातून होडी जाते.

आणखी एक गोष्ट, जी युद्धांच्या गदारोळात मागे पडते. रोमन शहरांचा कारभार तिथल्याच सधन घरांतली माणसं पाहायची. रस्ते, स्नानगृहं, करवसुली, सगळं त्यांच्या माथी. करात तूट आली तर ती त्यांच्या खिशातून. चौथ्या शतकापासून सम्राट पुन्हा पुन्हा कायदे करताना दिसतात की या लोकांनी आपलं काम सोडून सैन्यात, सरकारी नोकरीत किंवा चर्चमध्ये पळून जाऊ नये. 438 सालच्या थिओडोसियसच्या कायदेसंग्रहात असे हुकूम ढिगाने आहेत. कायदा वारंवार करावा लागतो याचा अर्थ उघड आहे. एके काळी ज्या कामासाठी माणसं चढाओढ करत, आपलं नाव दगडावर कोरून घेत, तेच काम आता सक्तीनेही कुणी करेना.

जोसेफ टेंटर या अमेरिकन अभ्यासकाने 1988 साली हेच हिशेबाच्या भाषेत मांडलं. समाज अडचणी सोडवायला नवनवी यंत्रणा उभारतो, सुरुवातीला तिचा फायदा खर्चापेक्षा जास्त असतो, पुढे पुढे खर्च वाढतच जातो आणि पदरात कमी कमी पडतं. शेवटी लोकांना ती सोडून देणंच परवडतं. हिशेब म्हणून तो बिनतोड आहे. पण आजा जेव्हा छातीभर पाण्यात उभा होता तेव्हा तो काय हिशेब करत होता, हे मला त्या मांडणीत सापडत नाही.

मात्र इथे मला स्वतःलाच अडवावं लागतं. जोळीची गोष्ट सांगताना माझा आवाज हळवा होतो. त्या हळवेपणात एक गोष्ट लपते. बांध घालणारे हात एकाचे आणि भाताचं कोठार दुसऱ्याचं, असंच इथे पिढ्यान्‌पिढ्या चाललेलं होतं. याच खारेपाटात चरीच्या शेतकऱ्यांनी 1933 ते 1939 असा संप केला. नारायण नागू पाटलांच्या नेतृत्वाखाली कुळांनी खोत-सावकारांची जमीन कसायचं नाकारलं, शेतं ओस पडली, लोकांनी लाकूडफाटा विकून, मिळेल ते काम करून दिवस काढले, पण नांगर धरला नाही. 1937 साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मुंबईच्या विधिमंडळात खोती बंद करण्याचं विधेयक मांडलं, त्याच्या मागे कोकणातल्या अशाच कुळांचं दुःख होतं. आमच्या घरातली बाई आपल्या सासूची गोष्ट सांगायची, संपाच्या वर्षांत ती करंदं उकडून मुलांना घालायची. त्या सासूला कुणी विचारलं असतं की खोताचा अंमल का ढासळला, तर तिने ऱ्हास हा शब्द वापरला असता का?

पाचव्या शतकात मार्सेयचा धर्मोपदेशक साल्व्हियन नेमकं हेच लिहून गेला आहे. गरीब रोमन माणसं करांना आणि वरिष्ठांच्या जुलमाला कंटाळून टोळीवाल्यांकडे पळून जातात, रोमनांमधला रानटीपणा सोसवेना म्हणून रानटी लोकांमध्ये रोमन माणुसकी शोधतात. साम्राज्य कुणासाठी पडलं, हा प्रश्न त्या 210 कारणांइतकाच महत्त्वाचा आहे, आणि तो गिबनने पुरेसा विचारला नाही असं माझं मत आहे.

1971 साली पीटर ब्राउन या इतिहासकाराने या काळाकडे पाहण्याची नजरच बदलली. तो म्हणाला, हा अंधार नव्हे, हे रूपांतर आहे. नवे धर्म, नव्या भाषा, नवी कला यांचा काळ. त्यानंतर तीस-पस्तीस वर्षं कोसळणं हा शब्द उच्चारायलाही अभ्यासक बिचकत. मग 2005 साली ब्रायन वॉर्ड-पर्किन्सने खापरं, कौलं, नाणी आणि गुरांची हाडं समोर मांडली. रोमन काळात साध्या शेतकऱ्याच्या घरातही चांगली भाजलेली भांडी आणि डोक्यावर कौलं असत. पुढच्या काळात ती कितीतरी ठिकाणी दिसेनाशी होतात. ब्रिटनमध्ये तर कुंभाराचं चाकच नाहीसं होतं. गुरं आकाराने लहान होतात. ज्याला रूपांतर म्हणता त्यात माणसांच्या ताटवाट्या गेल्या, असं त्याचं म्हणणं.

यांच्यातलं कोण बरोबर, हे मी अनेक वर्षं ठरवू पाहते आहे. आमच्या गावाच्या पश्चिमेला जी खांड पडली ती कायमची राहिली. आता तिथे तिवरांचं दाट रान आहे. खाडीवरचे कोळी सांगतात, तिथे आता चिंबोरी चांगली मिळते, जिताड्याची पिल्लं मिळतात, पूर्वी या बाजूला काहीच नव्हतं. त्यांच्या दृष्टीने खाडी आपल्या जागेवर परत आली. आणि माझी आई त्या रानाकडे बघतसुद्धा नाही. ती मान वळवून चालते, कारण तिवरांच्या खाली तिची साडेतीन एकर भातजमीन आहे. ब्राउनही खरा आहे आणि वॉर्ड-पर्किन्सही, पण आईसोबत त्या रस्त्याने चालताना मला वॉर्ड-पर्किन्स जास्त खरा वाटतो.

आपल्याकडच्या प्राचीन सत्तांबद्दल हा वाद वेगळ्या साधनांवर चालतो. 1906 साली नाशिकजवळ जोगळटेंभीला तेरा हजारांहून अधिक चांदीच्या नाण्यांचा साठा सापडला. नाणी क्षहरात घराण्यातल्या नहपान या क्षत्रप राजाची. त्यांतल्या दोन तृतीयांशांहून अधिक नाण्यांवर सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीने आपला ठसा पुन्हा उमटवलेला. नवा छाप बसला तरी खालचा नहपानाचा चेहरा काहींवर अजून ओळखू येतो. एक राजवट संपली म्हणजे काय झालं, हे त्या चांदीइतकं स्पष्ट कुठलाच ग्रंथ सांगत नाही. बाजारातलं नाणं तेच राहिलं, त्याच्यावरचं नाव तेवढं बदललं. पण नंतरच्या काळाबद्दल प्रा. रामशरण शर्मांनी 1987 साली वेगळं चित्र मांडलं. तिसऱ्या-चौथ्या शतकानंतर उत्खननांत शहरांचे थर क्षीण होत जातात, दूरचा व्यापार आटतो, नाणी विरळ होतात, जमिनी दान देण्याची प्रथा वाढते. जॉन डेयेल यांच्यासारख्या नाण्यांच्या अभ्यासकांनी त्यांना उत्तर दिलं की नाणी वाटतात तितकी कमी नव्हती. ब्रजदुलाल चट्टोपाध्यायांनी दाखवलं की जुनी शहरं मावळत असताना नवी वसतही होती.

हा वाद मला चौलला गेलं की पायांखाली जाणवतो. आमच्यापासून चौल काही लांब नाही. पहिल्या शतकातल्या ग्रीक खलाशाने लिहिलेल्या पेरिप्लस या सागरी मार्गांच्या पुस्तकात ते सेमिल्ला म्हणून येतं. कान्हेरीच्या लेण्यांतल्या दानलेखांत चेमुला. इ. स. 915-16 च्या सुमारास अल्‌ मसूदी हा अरब प्रवासी आला तेव्हा तिथे सुमारे दहा हजार मुसलमान राहत असल्याचं तो नोंदवतो, राजा शिलाहार झंझ. पुढे पोर्तुगीज आले, त्यांनी शेजारी रेवदंड्याचा कोट बांधला, आणि 1740 साली तोही मराठ्यांकडे गेला. सातवाहन, शिलाहार, पोर्तुगीज, सगळे येऊन गेले. आज तिथे नारळी-पोफळीच्या वाड्या आहेत, कोटाच्या तटाला वडाची मुळं आहेत. आणि खाडीपलीकडे कोर्लईत काही कुटुंबं अजून घरात पोर्तुगीजमधून जन्मलेली बोली बोलतात. तिला ते नोलिंग म्हणतात, म्हणजे आपली भाषा. कोट बांधणाऱ्यांचं राज्य गेलं, आणि त्यांच्या चुलीपाशी राबणाऱ्यांच्या नातवंडांच्या तोंडी त्यांचे शब्द राहिले.

अलीकडे हवामान आणि रोगराईकडे अभ्यासकांचं लक्ष गेलं आहे. 536 नंतरची थंडीची वर्षं, 541 सालची जस्टिनियनच्या काळातली प्लेगची साथ. हे पुरावे भक्कम आहेत. फक्त एवढंच लक्षात येतं की उधाण दोन्ही गावांवर सारखंच येतं, आणि एका गावचा बांध राहतो.

गेल्या मार्गशीर्षात मी धाकल्या आजांबरोबर त्या जुन्या बांधावर गेले. ते आजाचे सर्वांत धाकटे भाऊ, आता ऐंशीच्या पुढे. 1948 साली खारजमिनींचा कायदा झाला, पुढे बांधांचं काम सरकारकडे गेलं, आणि जोळ हळूहळू मोडत गेली. खांड पडली तेव्हा आम्हीही अर्ज दिले, उत्तरं आली, पाहणीही झाली. भांगाचे दिवस मात्र येत आणि जात राहिले. मी त्यांना विचारलं, आपणच का नाही बांधली? ते म्हणाले, "पयल्यासारखी मानसा गोला झाली नाय." मग थोडं थांबून म्हणाले, "आमी पण नाय गेलो. त्या सालाला मी मिलमंदी होतो."

ओहोटी होती. बांधाचा उंचवटा तिवरांमधून कुठे दिसत होता, कुठे गेला होता. ते काठी टेकत पुढे चालले आणि चिखलातून वर आलेल्या मातीकडे बोट दाखवत घरांची नावं घेऊ लागले. हा वरच्या आळीचा तुकडा. इथून त्या झाडापर्यंत थोरल्या घराचा. हे दोन हात विधवेचे, तिचं आम्ही करून द्यायचो. प्रत्येक नावापाशी ते थांबत होते, काठीने अंतर मापत होते. खांडीच्या तोंडाशी आलो तेव्हा पुढे जमीनच नव्हती. मधे पाणी, पलीकडे पुन्हा थोडा बांध. ते काठावर उभे राहिले, काठी उचलून त्या पाण्यावर धरली आणि या कडेपासून त्या कडेपर्यंत सावकाश फिरवली.

"ह्यो आपला," ते म्हणाले.

भरती लागली होती. पाण्यावरचा पाचोळा आत सरकायला लागला होता. मी त्यांचा हात धरला आणि आम्ही मागे फिरलो.